माणूस गेल्यावरचा हिशेब

'नुकसानभरपाई' हा कोर्टातला रोजचा शब्द. पण घरातले माणूस रस्त्यावर अपघातात गेले, की तोच शब्द कानाला टोचतो. गेलेल्या माणसाची भरपाई कसली? प्रश्न खराच आहे. मात्र कायदा जिवाचे मोल करायला बसत नाही. या माणसाच्या मिळकतीवर कोण जगत होते आणि ती त्यांना आणखी किती वर्षे मिळाली असती, एवढेच तो विचारतो.

या हिशेबाची रीत सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली सरला वर्मा खटल्यात घालून दिली. २०१७ साली प्रणय सेठी खटल्यात घटनापीठाने ती पक्की केली. आपल्याकडचेच उदाहरण कल्पून पाहू. मालवणचा एक खलाशी, वय ३२, महिन्याची मिळकत १२ हजार. घरी बायको, दोन मुले आणि म्हातारी आई. कायम नोकरी नाही, वय चाळिशीच्या आत, म्हणून पुढे मिळकत वाढली असती त्यापोटी ४० टक्के मिळवायचे. झाले १६,८००. अवलंबून चार माणसे, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा. उरले १२,६००. वर्षाचे १,५१,२००. त्याच्या वयाला गुणक १६. गुणाकार येतो २४,१९,२००. अंत्यविधीचा खर्च आणि मायेचे माणूस हरपल्याची ठरावीक रक्कम वेगळी. वय वाढते तसा गुणक उतरतो. पंचविशीपर्यंत १८, तर पासष्टीनंतर ५.

हिशेब सोपा आहे; अडते ते पहिल्याच आकड्यावर. खलाशाला पगाराची चिठ्ठी कोण देतो? रापणीत वाटा मिळतो, ट्रॉलरवर पैसे हातात पडतात, पावसाळ्यात होड्या किनाऱ्यावर. विमा कंपनीचा वकील विचारतो, "पुरावा काय?" मिळकत ८ हजारच धरली गेली, तर तोच हिशेब १६,१२,८०० वर थांबतो. महिन्याच्या चार हजारांचा पुरावा नाही, म्हणून घर आठ लाखांना मुकते. चिठ्ठी नाही म्हणजे मिळकतच नव्हती, असे न्यायालय मानत नाही. ते अंदाज करते. पण त्या अंदाजाला आधार आपणच द्यायचा असतो. होडीमालकाची वही, बँकेचे पासबुक, बरोबरच्या खलाशाची साक्ष, यांचे मोल तिथे कळते.

आणि जिच्या हाती पैसाच येत नाही, तिचे काय? अमरावतीकडची एक मजूर कुटुंबातली गृहिणी २००५ साली अपघातात गेली. ती कमावती नव्हती, या कारणाने न्यायाधिकरणाने २००७ साली दावा फेटाळला. २०२० साली मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तो निकाल फिरवला, घर सांभाळणे हे मोलाचे काम असल्याचे सांगितले आणि पती व मुलांना आठ लाखांहून अधिक भरपाई दिली. पण त्यासाठी १५ वर्षे जावी लागली. सर्वोच्च न्यायालयानेही २०२१ साली दिल्लीच्या एका दांपत्याच्या खटल्यात हेच तत्त्व उचलून धरले. त्या निकालात २०१९ च्या सरकारी पाहणीचा दाखला आहे. घरकामात बाईची दिवसाला सरासरी २९९ मिनिटे जातात, पुरुषाची ९७. पहाटे उठून पाणी भरणारी, मासे सुकवणारी, सासूचे औषधपाणी बघणारी बाई "काही करत नाही", असे दाव्याच्या अर्जात आपणही लिहू नये.

शेवटी कामाच्या दोन गोष्टी. अपघात महामार्गावर रायगडात घडला, तरी दावा आपण राहतो त्या जिल्ह्यात करता येतो. आपल्याला ओरोस जवळ. दुसरे, १ एप्रिल २०२२ पासून कायद्यात दाव्यासाठी सहा महिन्यांची मुदत आली आहे. दुःखाच्या घरात सहा महिने कसे जातात, ते कळतही नाही. तेव्हा शेजाऱ्यापाजाऱ्यांपैकी कुणीतरी पोलिसांचे कागद, वयाचा दाखला आणि मिळकतीची वही जपून ठेवावी. सांत्वनाला जाणाऱ्याने एवढे केले, तरी त्या घराला मोठा हातभार लागेल.