घोडबंदरचा वाडा आणि त्याचे धनी



इंग्लंडात खेडोपाडी जमीनदारांचे मोठमोठे वाडे आहेत. डर्बीशायरमधील चॅट्सवर्थची जागा कॅव्हेंडिश घराण्याकडे 1549 साली आली. ते घराणे तेथे आजही नांदते आहे, आणि त्यांची जुनी दप्तरेही जागच्या जागी आहेत. तुम्ही म्हणाल, "मास्तर, त्याचं आम्हांला काय?" सांगतो. तसलाच एक वाडा आपल्या मीरा-भाईंदरच्या हद्दीत, घोडबंदरला होता.

1534 साली गुजरातच्या बहादुरशहाने वसई आणि साष्टी पोर्तुगीजांना दिली. पोर्तुगीजांनी गावेच्या गावे आपल्या सरदारांना वाटून टाकली. पुष्कळदा तीन पिढ्यांच्या बोलीने. सरदाराने सरकारला 'फोरो' नावाचा सारा भरायचा, वेळप्रसंगासाठी घोडा आणि हत्यार बाळगायचे, आणि गावच्या उत्पन्नावर राहायचे. मुंबईच्या फोरास रोडच्या नावात तो शब्द अजून शिल्लक आहे बरं का!

1675 साली जॉन फ्रायर नावाचा ईस्ट इंडिया कंपनीचा डॉक्टर या बाजूने गेला. घोडबंदरचा धनी मार्तिन आफोन्सो, असे तो लिहितो. गोव्याच्या अलीकडे त्याच्याएवढा श्रीमंत पोर्तुगीज दुसरा नाही. राहता वाडा, गढी, देऊळ म्हणजे चर्च, सारे त्याचेच. गावात त्याचा शब्द म्हणजे कायदा!

पण हे वैभव किती टिकले? 1737 साली चिमाजी अप्पांच्या मोहिमेत साष्टी मराठ्यांकडे आली, 1739 साली वसई पडली. पोर्तुगीज सरदारांची कुटुंबे गोव्याकडे निघून गेली. पुढे इंग्रज आले आणि घोडबंदरची टेकडी ठाण्याच्या कलेक्टरसाहेबांच्या मुक्कामाची जागा झाली. तेही गेले.

आता गंमत पाहा. चॅट्सवर्थला धनी टिकला. इथे धनी तीनदा बदलले, पण भाताची खाचरे लावणारे, मिठागरात राबणारे, खाडीत जाळे टाकणारे आगरी, कोळी आणि ख्रिस्ती शेतकरी इथेच राहिले. मग घोडबंदरचे खरे जुने घराणे कोणाचे? फ्रायरने धन्याचे नाव लिहिले. ज्यांच्या भातावर तो वाडा उभा राहिला, त्यांच्यापैकी एकाचेही लिहिले नाही.

शिक्षक बंधूंनो आणि भगिनींनो, हे काम तुमच्या हातचे आहे. किल्ल्यावर मुलांना अवश्य न्या. पण परत आल्यावर त्यांना घरच्या आजोबा-आजीपाशी बसवा. कोणत्या शेताला काय म्हणत, बांध कोणी घातला, होडी कोठे लागत असे, हे वहीत उतरवून घ्या. खाचरांवर आता इमारती उभ्या आहेत; शेते गेली, त्यांची नावे तेवढी म्हाताऱ्यांच्या तोंडी उरली आहेत. दगडाच्या भिंती डागडुजीने उभ्या राहतील. माणसाबरोबर गेलेले नाव मात्र कोणत्याही दप्तरात सापडायचे नाही.