पागोळ्यांआधीची फुंकर

मे संपत आला की कोकणात घरोघर एकच धांदल. कौलं परतायची, लाकूडफाटा पडवीत घ्यायचा, आंब्याच्या रिकाम्या पेट्या माळ्यावर टाकायच्या. या गडबडीत पन्हळ बहुधा राहूनच जाते. मग जूनच्या पहिल्या मोठ्या सरीला पाणी पन्हळीच्या कडेवरून थेट जोत्यावर कोसळतं आणि आपण पन्हळ बसवणाऱ्याला नावं ठेवतो. त्या बिचाऱ्याचा दोष नसतो, आत वर्षभराचा पाला बसलेला असतो. हजार चौरस फुटांच्या छपरावर दिवसात १०० मिलिमीटर पाऊस पडला, तर नऊ हजार लिटरांहून जास्त पाणी खाली येतं. जुलैत असे दिवस आपल्याला काही नवे नाहीत. एवढ्या पाण्याला मूठभर कुजका पालाही अडवून धरतो.

पाला उडवणारा ब्लोअर हल्ली बऱ्याच जणांकडे आला आहे. त्याने पन्हळ साफ होते का, असं लोक मला विचारतात. होते, पण अर्धीच. सुका पाला, काटक्या, आंब्याचा वाळलेला मोहर हे सगळं तो भराभर बाहेर फेकतो. तळाला बसलेला गाळ मात्र जागचा हलत नाही. चिंचेचा किंवा शेवग्याचा बारीक पाला भिजला की त्याची लापशी होते आणि ती वाऱ्याला दाद देत नाही. म्हणून वळवाची सर येऊन गेली असेल तर दोन दिवस कडक ऊन पडू द्या. सकाळी लवकर काम उरका. दुपारी खाऱ्या वाऱ्याला जोर आला की उडवलेला कचरा तुमच्याच तोंडावर येणार.

शक्यतो ब्लोअर घेऊन शिडीवर चढू नका. एका हातात धडधडणारं यंत्र, दुसऱ्या हाताने धरायला काही नाही, अशा वेळी तोल जायला एक गांधीलमाशी पुरे. लांब नळी आणि तिच्या टोकाला छत्रीच्या मुठीसारखा बाक असलेला जोड मिळतो. तो लावला की एकमजली घराची पन्हळ जमिनीवरून साफ होते. डोळ्यांना चष्मा, नाकातोंडाला फडकं आणि पेट्रोलचं यंत्र असेल तर कानात बोळे हवेतच. वळचणीजवळून विजेची तार आली असेल, तर नळी तिच्या आसपासही नेऊ नका.

हवेचा झोत नेहमी पन्हळीच्या लांबीने धरा, कौलांवर चढता धरू नका. मंगलोरी कौलांखाली हवा शिरली तर कौल सरकतं आणि पाला रिपांवर जाऊन बसतो. तो तिथून काढायचा म्हणजे अर्धं छप्पर उतरवणं आलं.

बागायतदारांना एक वेगळी विनंती. पाठीवरच्या फवारणी पंपाचा पंखा चांगला जोरकस असतो आणि त्यानेच पन्हळ झाडायचा मोह होतो. पण त्या नळीत औषधाचा अंश राहिलेला असतो. छपराचं पाणी तुम्ही टाकीत किंवा विहिरीत सोडत असाल, तर तो पंप घराच्या छपराकडे वळवूही नका.

आता उरलेलं अर्धं काम. त्यासाठी शिडी लागतेच. उंचीच्या चौथ्या हिश्शाइतका पाया भिंतीपासून बाहेर घ्या, खाली एका माणसाला शिडी धरायला लावा आणि शिडी पन्हळीवर टेकू नका. पीव्हीसीची पन्हळ चिरते. गाळ हाताने काढा, हातमोजे घालून, कारण पाल्याखाली विंचू असतो. मग आतल्या बाजू ब्रशने घासा. पाणी साचलेल्या पन्हळीत डेंग्यूचा डास अंडी घालतो. ती कडांना चिकटून महिनोन्‌महिने कोरडी टिकतात आणि पाणी लागताच फुटतात. ब्लोअरच्या वाऱ्याने ती सुटत नाहीत.

शेवटी बादलीभर पाणी ओतून बघा. कुठे थांबलं तर तिथली पकड ढिली झाली असेल किंवा उतार कमी असेल. दहा फुटांना अर्धा इंच उतार असला की पाणी वाहतं. स्लॅबच्या घरांना हे सगळं लागू नाही. त्यांनी गच्चीच्या कोपऱ्यातल्या जाळ्या तेवढ्या मोकळ्या कराव्यात.

हो, एक सांगायचं राहिलं. सुरुवात खाली उतरणाऱ्या पाइपाच्या तोंडापासून करा आणि झोत त्याच्यापासून लांब नेत जा, नाहीतर सगळा पाला पाइपातच जाऊन ठासतो. त्याआधी पाइपाच्या तोंडात चिंधीचा मोठा बोळा घाला. बोळा लालभडक कापडाचा घ्या. मी एका वर्षी जुन्या मळकट धोतराचा घातला, पन्हळ आरशासारखी केली आणि बोळा तसाच विसरलो. पहिल्या पावसात पडवीत घोटाभर पाणी झालं. घरच्यांनी पन्हळीकडे बोट दाखवलं, मी आकाशाकडे.