खेळाची दुसरी प्रत

पूर्वीं ज्याच्या घरीं पोथी असे, त्याला तीन शत्रूंची सदैव धास्ती असे: पाणी, तेल आणि सैल बांधणी. जुन्या लेखकूंनीं पोथीच्या शेवटीं वाचणारास हात जोडून विनविलेलें आढळतें, कीं या तिघांपासून हिचें रक्षण कर आणि हिला मूर्खाच्या हातीं देऊं नकोस. एवढी काळजी घेऊनही पोथी जीर्ण होई. तेव्हां शहाणा गृहस्थ ती पुरती फाटण्यापूर्वींच तिची दुसरी प्रत करून ठेवी.

श्रोतेहो, आज हा विषय निघाला आहे तो एका निराळ्याच वस्तूवरून. ती वस्तु म्हणजे मुलांच्या व्हिडिओ गेमची तबकडी. वडीलधाऱ्या मंडळींस हें नांव ऐकूनच विषय पोरकट वाटेल. परंतु ज्या वस्तूसाठीं आपण रास्त दाम मोजले ती आपल्यापाशीं किती दिवस टिकावी, आणि ती टिकविण्यासाठीं काय करणें न्यायाचें, हा प्रश्न कांहीं पोरकट नव्हे.

गोंदिया जिल्ह्यांतील दवनीवाडा हें गांव घ्या. वैनगंगेच्या खोऱ्यांतील हा मुलूख धानाचा. रोवणीच्या दिवसांत बांध्या पाण्यानें भरलेल्या असतात आणि घरांतील कपाटांनाही ओल सोडीत नाहीं. अशा गांवांतील एका कुटुंबाचें चित्र डोळ्यांपुढें आणावें. थोरला मुलगा नागपुरास शिकत असतां त्यानें शिकवण्या करून पैसे सांठविले आणि प्लेस्टेशन टू नांवाचें खेळयंत्र, ज्याला कन्सोल म्हणतात तें, विकत घेतलें. सोबत क्रिकेटची, मोटारींच्या शर्यतीची अशा पांच-सहा अस्सल तबकड्या होत्या. पुढें तो नोकरीसाठीं पुण्यास गेला. यंत्र गांवींच राहिलें. दिवाळींत तो घरीं आला म्हणजे तिघां भावंडांनीं मिळून क्रिकेटचा एक सामना खेळावयाचा, असा रिवाजच पडून गेला. एके वर्षीं मात्र यंत्रानें ती तबकडी वाचण्याचें साफ नाकारलें. पुसून पाहिली, फिरवून पाहिली. पडद्यावर कांहीं उमटेना. धाकटीच्या डोळ्यांत पाणी उभें राहिलें.

नवी तबकडी आणावी म्हटलें तर ती मिळणार कोठें? जगांत पंधरा कोटींहून अधिक खपलेलें हें यंत्र तयार करणें कंपनीनें २०१३ च्या आरंभींच थांबविलें. हें दुःख एका घरापुरतें नाहीं. जुन्या खेळांच्या जतनाचें कार्य करणाऱ्या अमेरिकेंतील एका संस्थेनें २०२३ सालीं पाहणी केली, तेव्हां २०१० पूर्वीं त्या देशांत प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकीं शेंकडा ८७ खेळ बाजारांत विकत मिळत नाहींत असें दिसून आलें. आपल्या देशांतील पहिला बोलपट ‘आलम आरा’ १९३१ सालीं निघाला. आज त्याची एकही प्रत उपलब्ध नाहीं. त्या काळीं तो जपून ठेवण्याजोगा आहे असें कोणास वाटलें नसावें. खेळांच्या बाबतींत तीच चूक आपल्या डोळ्यांदेखत घडत आहे.

आतां तबकडी बिघडते कशी तें पाहूं. डीव्हीडी म्हणजे प्लास्टिकचे दोन पातळ थर असून त्यांच्या मधोमध माहितीचा थर असतो. त्यावरील अतिसूक्ष्म खळग्यांवर यंत्र प्रकाशाची शलाका टाकतें आणि परत आलेल्या प्रकाशावरून माहिती वाचतें. वरच्या प्लास्टिकवर चरे पडले कीं शलाका वांकडी होते. दमट हवेंतील बुरशीही निरुपद्रवी नाहीं. मध्य अमेरिकेंतील बेलीझ देशांतून आणलेल्या एका सीडीचा माहितीचा थर बुरशीनें खाल्लेला २००१ च्या सुमारास शास्त्रज्ञांस आढळला होता. परंतु पुष्कळदां दोष तबकडीचा नसतोच. यंत्रांतील वाचणारें भिंगच थकलेलें असतें. दवनीवाड्याच्या या घरींही तसेंच होतें. थोरल्यानें तीच तबकडी आपल्या संगणकांत घातली, आणि यंत्राच्या म्हाताऱ्या दृष्टीला जें दिसेना तें संगणकाला दिसलें. त्यानें लागलीच तिची प्रत बाहेरून जोडावयाच्या हार्ड डिस्कवर उतरवून घेण्यास आरंभ केला.

आजोबा चष्म्यावरून पाहात होते. त्यांनीं विचारलें, “काय रे, दुसऱ्याचा माल उतरवून घेतोस कीं काय?”

“नाहीं आबाजी, माल आपलाच आहे. मूळ तबकडी ही पाहा, तुमच्यापुढेंच ठेवली आहे.”

“मग नक्कल कशाला?”

“ही गेली म्हणजे दुसरी कोठून आणूं?”

आजोबांची शंका अस्थानीं नव्हती आणि नातवाचें उत्तरही गैर नव्हतें. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यांत, कलम ५२ मध्यें, याविषयीं तरतूद आहे. संगणकाचा कार्यक्रम ज्याच्या ताब्यांत कायदेशीर रीतीनें आहे, त्यानें तो हरवूं, नष्ट होऊं किंवा बिघडूं नये एवढ्याचसाठीं तात्पुरतें संरक्षण म्हणून राखीव प्रत केली, तर तो हक्कभंग होत नाहीं. मात्र त्या प्रतीचा उपयोग मूळ कार्यक्रम ज्या कामासाठीं दिला त्याच कामापुरता झाला पाहिजे. खेळांत कार्यक्रमाखेरीज चित्रें आणि संगीतही असतें, त्यामुळें वकिलांच्या वादाला येथें जागा आहे. तथापि सामान्य गृहस्थास दिशा कळण्यास एवढें पुरे. शेजाऱ्याच्या डिस्कवरून न घेतलेले शंभर खेळ उतरविणें या तरतुदींत बसत नाहीं. हक्कभंग करून काढलेली प्रत आहे हें ठाऊक असतां ती संगणकावर वापरणारास सात दिवसांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि दंड सांगितलेला आहे. नफ्याचा हेतु नसल्यास न्यायालय केवळ दंडावरही सोडूं शकतें. आणि मूळ तबकडी विकून प्रत मागें ठेवणारा मनुष्य, आपण मालक आहोंत असें कोणत्या तोंडानें म्हणणार?

प्रत तर झाली. परंतु ती यंत्रानें मान्य करावयास हवी. अस्सल तबकडीवर कारखान्यांत एक गुप्त खूण उमटविलेली असते. साध्या साधनांनीं काढलेल्या प्रतींत ती उतरत नाहीं, आणि ती दिसली नाहीं तर यंत्र दार उघडीत नाहीं. हें ऐकून विदर्भांतील वाचकांस महानुभावांच्या पोथ्या आठवाव्यात. त्या पंथाच्या लोकांनीं आपले ग्रंथ सकळ, सुंदरी इत्यादि सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले. मठामठांतून त्यांच्या नकला होत राहिल्या, म्हणून ते ग्रंथ टिकले. परंतु लिपीची किल्ली पंथाबाहेर कोणापाशीं नसल्यामुळें ‘लीळाचरित्रा’सारखा ग्रंथ कित्येक शतकें इतर मराठी वाचकांस अज्ञात राहिला. विसाव्या शतकाच्या आरंभीं राजवाडे, भावे प्रभृति संशोधकांच्या परिश्रमांनीं तें कुलूप उघडलें, तेव्हां कोठें आपल्या भाषेचें हें धन आपणांस दिसलें. तात्पर्य, प्रत आणि किल्ली दोन्ही जपल्या तरच ग्रंथ जगतो.

खेळांच्या बाबतींत ही किल्ली हौशी जाणकारांनीं तयार केली आहे. मेमरी कार्डावर एक लहानसा कार्यक्रम ठेवला म्हणजे यंत्र सुरू होतांच तो जागा होतो आणि हार्ड डिस्कवरील प्रत यंत्रापुढें अशी मांडतो, कीं जणूं तबकडीच आंत फिरत आहे. कुलुपाविषयींही कायदा मुका नाहीं. २०१२ सालीं घातलेल्या कलम ६५अ अन्वयें, हक्कभंग करण्याच्या हेतूनें असें संरक्षक कुलूप चुकविणारास दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊं शकतो. ‘हेतूनें’ हा शब्द येथें महत्त्वाचा आहे. किल्ली तीच असली, तरी स्वतःच्या घराचें दार उघडणारा आणि दुसऱ्याच्या घरांत शिरणारा हे एक नव्हेत.

यावरही एक अडचण उरते, ती वेगाची. प्लेस्टेशन टूची तबकडी सेकंदाला पांच मेगाबाइटांहून थोडी अधिक माहिती देते. त्याच यंत्राची यूएसबी खोबण मात्र जुन्या पद्धतीची. तिच्यांतून सेकंदाला फार तर दीड मेगाबाइट येते. रुंद कालव्याचें पाणी अरुंद पाटानें आणूं गेल्यासारखा हा प्रकार होतो. खेळ चालतो, परंतु चलच्चित्रें अडखळतात आणि आवाज तुटतो. जुन्या जाड आकाराच्या बहुतेक यंत्रांच्या पाठीमागें हार्ड डिस्कसाठीं निराळी खोबण असते. तिच्या मार्गें ही अडचण पुष्कळ कमी होते. शिवाय बाहेरची डिस्क फॅट थर्टीटू या पद्धतीची असेल तर एका फाइलींत ४ गिगाबाइटांहून अधिक मजकूर मावत नाहीं, म्हणून मोठ्या खेळाचे तुकडे करून ठेवावे लागतात.

नव्या यंत्रांत बाहेरची डिस्क जोडण्याची सोय कंपन्यांनींच केली आहे. परंतु तेथेंही ठेवणें आणि खेळणें यांत भेद आहे. प्लेस्टेशन फाइव्हला साधी यूएसबी हार्ड डिस्क जोडली, तर प्लेस्टेशन फोरचे खेळ तिच्यावरून थेट खेळतां येतात. प्लेस्टेशन फाइव्हचे खेळ मात्र २०२१ पासून तिच्यावर नुसते ठेवतां येतात. खेळावयाचे झाल्यास ते पुन्हां आंत आणावे लागतात. कारण उघड आहे. त्या यंत्राच्या अंगची साठवण सेकंदाला साडेपांच गिगाबाइट वाचते. बाहेरची फिरती डिस्क साधारणतः शंभर-सव्वाशे मेगाबाइटांच्या घरांत राहते. येथें घरच्या मंडळींनीं एक सावधगिरी अवश्य बाळगावी. असें यंत्र नवी डिस्क जोडतांच ती फॉरमॅट करूं काय म्हणून विचारतें, आणि होकार देतांच तिच्यावरील सर्व कांहीं पुसलें जातें. ज्या डिस्कवर ताईच्या लग्नाचीं छायाचित्रें आहेत, ती खेळासाठीं कधींही लावूं नये.

हार्ड डिस्कही अमर नाहीं. तिच्या आंत वेगानें फिरणाऱ्या चकत्या असतात, आणि त्यांच्यावरून केसाच्या जाडीहूनही कमी अंतरावर वाचणारें टोंक सरकत असतें. चालू असतां एकदां मेजावरून पडली कीं कारभार आटोपला. यास्तव जाणते लोक तीन प्रतींचा नियम सांगतात. एकूण प्रती तीन असाव्यात, त्या दोन निरनिराळ्या जातींच्या साधनांवर असाव्यात, आणि त्यांपैकीं एक घराबाहेर असावी. शिवाय कांहीं वर्षांनीं सर्व मजकूर नव्या डिस्कवर उतरवून घ्यावा. मठांतील लेखकू पिढ्यान्‌पिढ्या हेंच करीत आले. त्यांपैकीं एका पिढीनें जरी कंटाळा केला असता, तरी पोथी संपली असती.

दवनीवाड्याच्या घरीं त्या रात्रीं प्रत पूर्ण झाली. सामना सुरू होण्यापूर्वींचें चलच्चित्र अडखळत होतें, आवाज मध्येंच तुटत होता. परंतु नाणेफेक झाली आणि धाकटीनें फलंदाजी मागून घेतली. दुसऱ्या दिवशीं थोरल्यानें मूळ तबकड्या स्वच्छ पुसून, तांदूळ ठेवण्याच्या एका कोऱ्या डब्यांत, कोरड्या जागीं ठेवल्या. दुसरी डिस्क त्यानें पुण्यास नेली. निघतांना आजोबांनीं त्याला डब्यावर कागद चिकटवून त्यावर तबकड्यांचीं नांवें आणि तारीख लिहावयास लावली. अक्षर लागत नाहीं म्हणून त्यांनीं एक नांव पुन्हां लिहवून घेतलें. मागून येणारास वाचतां आलें पाहिजे, एवढेंच ते म्हणाले.