बुडालेल्या नौकेचा संसार



नागपूरकरांपुढे समुद्राविषयी बोलावयास उभे राहणे हे थोडे धाडसाचेच. पण विषयाचे मर्म आपल्या परिचयाचे आहे. पडक्या वाड्याच्या भिंतीत पिंपळ रुजतो, हे आपण सर्वांनी पाहिले आहे. समुद्राच्या तळाशी तेच घडते.

तळ पुष्कळदा वाळूचा, नाहीतर चिखलाचा. शैवाल, कालवे, प्रवाळ यांना तेथे चिकटावयास टणक जागा नसते. बुडालेली नौका ती जागा देते. प्रथम जिवाणूंचा बुळबुळीत थर, मग शैवाल आणि शिंपले, त्यांच्यामागून लहान मासे आणि लहानांमागून मोठे!

आपल्या नौदलाची ‘गुलदार’ ही नौका पोलंडमध्ये बांधलेली, सुमारे ८४ मीटर लांबीची. १९८५ साली ती सेवेत आली. रणगाडे व सैनिक किनाऱ्यावर उतरविणे हे तिचे काम. २०२४ च्या जानेवारीत ती निवृत्त झाली. पुढे सिंधुदुर्गातील निवतीच्या खडकांजवळ तिला जलसमाधी द्यावी, तिच्या अंगावर सागरी जीव वाढावेत आणि बुडी मारणाऱ्यांना ते पाहता यावेत, अशी योजना महाराष्ट्राने आखली. जुनी ‘विक्रांत’ २०१४ साली भंगारात गेली. ‘विराट’ २०२० साली अलंगला तोडावयास नेली. त्या मानाने हा विचार आम्हांस शहाणपणाचा वाटतो.

पण समुद्र म्हणजे उकिरडा नव्हे. अमेरिकेत फ्लोरिडाच्या किनाऱ्यापाशी १९७२ च्या सुमारास लाखो जुने टायर मासळीसाठी म्हणून टाकले. बांधणी तुटली, वादळांत टायर सुटले आणि जवळच्या जिवंत प्रवाळावरच आदळू लागले. फ्लोरिडापाशीच अन्यत्र २००६ साली ‘ऑरिस्कनी’ ही प्रचंड विमानवाहू नौका बुडविली, ती मात्र तेल व घातक द्रव्ये काढण्याची दीर्घ खटपट केल्यावर. साफसफाईत कसूर झाली, तर विष माशांतून आपल्याच ताटात येते.

दुसरा प्रश्न याहून अवघड आहे. अशा जागी मासळी वाढते, की आजूबाजूची नुसती गोळा होते? नुसती गोळा होत असेल आणि भोवती जाळी पडली, तर आपण आश्रय नव्हे, सापळा उभारला असे होईल. म्हणून तेथील मासेमारीचे नियम मालवण-वेंगुर्ल्याच्या कोळी-गाबितांना विचारूनच ठरले पाहिजेत.

आणि एक नौका या हिशेबात कधीच धरू नये. ९ डिसेंबर १९७१ रोजी दीवजवळ ‘खुकरी’ बुडाली, ती १८ अधिकारी व १७६ नौसैनिकांसह. तिच्याही अंगावर शैवाल चढले असेल, मासे वसले असतील. पण ते स्मारक आहे. तेथे आपण हात जोडावेत आणि परत फिरावे.