देव नवा, वृत्त जुने



पहिल्या ख्रिस्ती लोकांनी जुन्या रोमची विद्या कशी उचलली, हा विषय वाचून कुणीतरी विचारलेच असेल की शिरड शहापुरात रोमचे काय काम? शंका रास्त आहे. पण या गावात मल्लिनाथाचे जैन क्षेत्र आहे आणि हाकेच्या अंतरावर औंढ्याचे ज्योतिर्लिंग. दोन परंपरा शेजारी राहिल्या की काय देतात-घेतात आणि कशावरून रुसतात, हे तुम्हाला निराळे सांगायला नको. सुरुवात रोमपासून करतो, मुक्काम मात्र मराठीत आहे.

इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात, आजच्या नाब्लुस शहरात जन्मलेला जस्टिन नावाचा तरुण गुरू शोधत हिंडत होता. आधी तो स्टोइक पंथाच्या एका तत्त्वज्ञाकडे गेला. त्या गुरूला देवाविषयी बोलायची हौसच नव्हती. मग अ‍ॅरिस्टॉटलच्या परंपरेतला एक जण भेटला, त्याने आधी फीचे ठरवू म्हटले. पायथागोरसपंथीयाने संगीत, खगोलशास्त्र आणि भूमिती शिकून ये, मग बघू, असे सांगितले. प्लेटोच्या विचारांत तो रमला, आणि तिथून ख्रिस्ताकडे गेला. ही सगळी हकीकत त्याने स्वतःच लिहून ठेवली आहे, आणि गुरूंची चेष्टा करताना त्याला मजा येत असावी असे मला वाटते. पण ख्रिस्ती झाल्यावरही त्याने तत्त्वज्ञाचा झगा उतरवला नाही. त्याच वेषात तो रोममध्ये शिकवत राहिला. त्याचे म्हणणे असे, की ईश्वरी विवेकाचे बीज प्रत्येक माणसात पेरलेले आहे. म्हणून सॉक्रेटिस आणि हेराक्लायटस यांना त्याने ख्रिस्तजन्मापूर्वीचे ख्रिस्तीच मानले.

इ. स. १६५ च्या सुमारास त्याचा शिरच्छेद झाला. शिक्षा सुनावणारा अधिकारी जुनियस रुस्टिकस हा सम्राट मार्कस ऑरेलियसचा स्टोइक तत्त्वज्ञानातला गुरू. स्टोइक तत्त्वज्ञ एपिक्टेटसची ओळख सम्राटाला त्यानेच करून दिली होती. म्हणजे खटला चालला तो दोन तत्त्वज्ञांमध्ये!

जस्टिनच्या अगदी उलट टोकाला कार्थेजचा ख्रिस्ती लेखक टर्टुलियन. अथेन्स आणि जेरुसलेम यांचा संबंधच काय, असा त्याचा सवाल. पण त्याचे लॅटिन वाचा: प्रत्येक वाक्यात वक्तृत्वशाळेचा विद्यार्थी बोलतो. आत्मा हा एक प्रकारचा जड पदार्थ आहे, हे त्याचे मत थेट स्टोइकांचे. स्टोइक सेनेका पुष्कळदा आपलाच वाटतो, अशी कबुलीही तो देऊन जातो. तत्त्वज्ञांवर एवढा चिडलेला हा माणूस, पण त्यांचाच झगा आपण का घालतो हे सांगायला त्याने एक छोटे पुस्तक लिहिले.

असे का व्हावे? कारण शाळा. चर्च वेगळे झाले तरी ख्रिस्ती मुले शिकली होमर आणि व्हर्जिलच. इ. स. ३६२ मध्ये जुन्या देवांकडे परतलेल्या जूलियन सम्राटाने नेमके इथेच बोट ठेवले: ज्यांचा या देवांवर विश्वास नाही त्यांनी या देवांच्या कविता शिकवू नयेत. ख्रिस्ती विद्वान खवळले. होमर गेला तर सुटलो, असे म्हणायला हवे होते. ते म्हणाले, होमर आमचाही आहे. सिरियातल्या लाओदिकिया गावच्या अपोलिनारिस बापलेकांनी तर बायबलच ग्रीक काव्यप्रकारांत उतरवायला घेतले. त्याआधी, ३३० च्या सुमारास, स्पेनमधल्या जुवेंकस नावाच्या धर्मगुरूने शुभवर्तमान व्हर्जिलच्या वृत्तात लिहून काढले होते.

जुवेंकसचे नाव घेतले की मराठी माणसाला फादर थॉमस स्टीफन्स आठवायला हवेत. हे इंग्रज जेझुइट १५७९ मध्ये गोव्याला आले. मराठी आणि कोकणी शिकले. १६१६ मध्ये गोव्यातल्या रायतूरला त्यांचे ‘ख्रिस्तपुराण’ छापले गेले, तेही रोमन लिपीत. सुमारे अकरा हजार ओव्या, पहिल्या पुराणात जुना करार, दुसऱ्यात नवा. घाट सगळा आपल्या पुराणांचा. पुढे देवनागरीतली एक प्रत लंडनमधल्या मार्सडेन संग्रहात निघाली. ती उजेडात आणणारे जस्टिन अ‍ॅबट हे अमेरिकन मराठी मिशनचे. नावही जस्टिन, आणि यांचे उत्तरायुष्य मराठी संतचरित्रांची भाषांतरे करण्यात गेले.

इथवर ऐकून कुणी म्हणेल, वा, काय हा समन्वय! मी जरा थांबा म्हणेन. स्टीफन्स यायच्या बारा वर्षे आधी, १५६७ मध्ये, गोव्यातल्या साष्टीतली देवळे पाडली गेली होती. १५८३ मध्ये तिथल्याच कुंकळ्ळीला गावकऱ्यांनी पाच जेझुइटांना मारले, त्याला हीच पार्श्वभूमी होती. पोर्तुगीज सत्तेखाली देशी भाषांतली पुस्तके नष्ट होत होती. ज्यांची पुराणे काढून घेतली त्यांच्याच हाती पुराण दिले गेले. ओवी गोड आहे, स्टीफन्सचे मराठीवरचे प्रेम खरे आहे, यात मला तिळमात्र शंका नाही. पण एखाद्याचे वृत्त उचलणे म्हणजे त्याचा आदर करणे नव्हे.

रोममध्येही नेमके हेच झाले. सत्ता ख्रिस्ती लोकांच्या हाती आल्यावर सम्राट थिओडोसियसने ३९१ मध्ये जुन्या देवांच्या पूजा बंद केल्या. त्याच सुमारास अलेक्झांड्रियातले सेरापिसचे देऊळ जमीनदोस्त झाले. आणि रोमन लेखक सिसेरो वाचून तत्त्वज्ञानाची गोडी लागलेला ख्रिस्ती विचारवंत ऑगस्टिन याच काळात लिहीत होता, की इस्राएली लोक इजिप्तमधून निघताना तिथले सोने घेऊन आले, तसे मूर्तिपूजकांचे ज्ञानही ख्रिस्ती माणसाने घ्यावे. दाखला मोठा चतुर आहे. मात्र तो वाचताना सोन्याच्या मालकांची बाजू कुणी लिहिली नाही, हे ध्यानात ठेवावे. जस्टिनने झगा घातला तेव्हा त्याच्या पाठीशी फौज नव्हती. फरक पडतो तो इथे.

म्हणून एकोणिसाव्या शतकातली दोन मराठी माणसे मला अधिक मोलाची वाटतात. पहिले नीलकंठ गोऱ्हे. जन्म १८२५, झाशीजवळचा, घराणे चित्पावन, विद्या काशीची. मिशनऱ्यांच्या खंडनासाठी त्यांनी ऐन तरुणपणी संस्कृत ग्रंथ लिहिला. ज्यांना उत्तर द्यायचे त्यांचे वाचता वाचता स्वतःच १८४८ मध्ये बाप्तिस्मा घेतला आणि नेहेम्या गोऱ्हे झाले. मग १८६० मध्ये ‘षड्दर्शन दर्पण’ लिहून हिंदू तत्त्वज्ञानाच्या सहाही दर्शनांचे खंडन केले. पूर्वपक्ष मांडायचा, मग एकेक मुद्दा उडवायचा. रीत सारी काशीच्या पंडितांची. टर्टुलियनला हे गृहस्थ ओळखीचे वाटले असते.

दुसरे कवी नारायण वामन टिळक. करजगावात १८६१ मध्ये जन्मले, १८९५ मध्ये मुंबईत बाप्तिस्मा घेतला आणि अहमदनगरला मिशनचे काम करू लागले. जस्टिनच्या नातेवाइकांना काय भोगावे लागले ते आपल्याला ठाऊक नाही. टिळकांच्या घरातले त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी ‘स्मृतिचित्रे’त लिहून ठेवले आहे: काही वर्षे त्या नवऱ्यापासून दूर राहिल्या, परत आल्यावरही सोवळे पाळत राहिल्या. दर्शनांच्या वादापेक्षा एका चुलीवरचा हा पेच मला जास्त शिकवतो.

टिळक म्हणत की आपण तुकोबांच्या वाटेने ख्रिस्ताकडे आलो. अभंग त्यांनी कुणाकडून उचलला नव्हता, तो त्यांच्या कानात लहानपणापासून होता. म्हणून स्टीफन्सपेक्षा ते जस्टिनच्या जवळचे. परदेशी चालींवरची भाषांतरित गाणी बाजूला सारून त्यांनी भजन आणि कीर्तन ख्रिस्ती उपासनेत आणले. १९०९ मध्ये ‘ख्रिस्तायन’ हे काव्य हाती घेतले. ते अपुरे राहिले आणि लक्ष्मीबाईंनी पुढे नेले. १९१७ मध्ये त्यांनी मिशनची नोकरी सोडली, संन्यास घेतला आणि ‘देवाचा दरबार’ उभा केला. त्यात बाप्तिस्मा घेतलेल्यांना जागा होती आणि न घेतलेल्यांनाही. सॉक्रेटिसला ख्रिस्ती म्हणणे जस्टिनला सोपे गेले, कारण सॉक्रेटिस मरून साडेपाचशे वर्षे झाली होती. टिळकांना बाप्तिस्मा न घेतलेली जिवंत माणसे शेजारी बसवायची होती. त्यासाठी त्यांना जेमतेम दोन वर्षे मिळाली. ९ मे १९१९ रोजी ते मुंबईत वारले.