गावचा लोहार आणि त्याची विद्या



उत्सवप्रसंगी देवाचे माहात्म्य, घराण्यांचा इतिहास अथवा जीर्णोद्धाराचा वृत्तान्त सांगण्याची आपल्याकडे प्रथा आहे. आज मी आपले लक्ष गावच्या लोहाराकडे वेधू इच्छितो. ‘टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही’ ही म्हण आपण सारेच वापरतो; परंतु ती टाकी कोणी घडविली, हे सहसा कोणी विचारीत नाही. पाथरवटाच्या हाती टाकी येण्यापूर्वी ती लोहाराच्या भट्टीतून गेलेली असते. देवालयाच्या दरवाजाचे खिळे व कड्या, घंटेची साखळी आणि देवाच्या शेतातील नांगराचा फाळ ही सर्व त्याचीच निर्मिती होय.

परंपरेप्रमाणे विश्वकर्म्याचे पाच पुत्र मानले जातात. मनू लोखंडाचा, मय लाकडाचा, त्वष्टा तांब्याकाशाचा, शिल्पी पाषाणाचा आणि विश्वज्ञ सोन्याचा कारागीर. या पाचांत मनूला अग्रस्थान मिळाले, यात मोठा अर्थ आहे. इतर चौघांची हत्यारे लोखंडाची, आणि लोहाराची हत्यारे मात्र लोहारच घडवितो.

या विद्येची प्राचीनता थोर आहे. आपल्या जिल्ह्याला लागून असलेल्या हावेरी जिल्ह्यात, तुंगभद्रेच्या काठी हल्लूर येथे झालेल्या उत्खननात इसवी सनापूर्वी सुमारे १००० वर्षांच्या काळातील लोखंडी वस्तू मिळाल्या. नागपूरजवळील नाईकुंड येथे १९७८ ते १९८० या काळात झालेल्या उत्खननात लोखंड गाळण्याची भट्टीच सापडली; ती इसवी सनापूर्वी सुमारे ७०० वर्षांची समजली जाते.

त्या काळच्या भट्टीत लोखंडाचा रस होत नसे. लोखंड वितळण्यास सुमारे १५४० अंश सेल्सिअस उष्णता लागते. कोळसा व भाता यांच्या बळावर तितकी उष्णता साधत नसे. म्हणून खनिजातून निघे तो मळीने भरलेला सच्छिद्र गोळा. तो पुन:पुन्हा तापवून घणाखाली कुटावा, मळी झाडून टाकावी, तेव्हा कामाचे लोखंड हाती येई. सह्याद्रीच्या माथ्यावर, महाबळेश्वराच्या परिसरात, हे गाळण्याचे काम धावड लोक करीत. एकोणिसाव्या शतकात जंगलाचे निर्बंध वाढले, कोळसा महागला, परदेशी लोखंड स्वस्तात मिळू लागले, आणि त्यांच्या भट्ट्या विझल्या.

आपल्या जोयडा तालुक्यात लोहाराचे महत्त्व आणखी एका कारणाने होते. डोंगरउतारावरील कुमरी शेतीत नांगर चालत नसे. झाडेझुडपे तोडावयाची, वाळल्यावर जाळावयाची आणि त्या राखेत नाचणी पेरावयाची. या शेतीचे सारे भांडवल म्हणजे कोयता आणि कुऱ्हाड. कुणब्याच्या कमरेचा कोयता बोथट झाला तर त्याचा दिवस वाया जाई. खालच्या भातशेतीला फाळ, कुदळ व विळा, आणि घरात विळी व अडकित्ता. गावातील एकही चूल लोहारशाळेवाचून पेटत नव्हती, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही.

या कामातील खरी विद्या ‘पाणी देण्यात’ आहे. लोहारशाळा अंधारी असते ती दारिद्र्यामुळे नव्हे. तापलेल्या लोखंडाचा रंग अंधारातच नीट पारखता येतो. कोयत्याची धार लालबुंद करून पाण्यात बुडविली की ती कठीण होते, पण काचेसारखी ठिसूळही होते. म्हणून पाठीकडील उष्णता धारेकडे हळूहळू येऊ देतात. घासून उजळ केलेल्या पात्यावर तेव्हा आधी गवती पिवळा, मग तपकिरी, मग जांभळा व शेवटी निळा रंग सरकत येतो. पिवळ्यावर थांबविली तर धार कठीण राहते. निळ्यापर्यंत जाऊ दिली तर ती लवचीक होते. कोणत्या हत्याराला कोणता रंग, याचा निर्णय क्षणात करावा लागतो. हे ज्ञान पोथीत नव्हते. ते बापाच्या डोळ्यांतून मुलाच्या डोळ्यांत उतरत असे.

बैलगाडीच्या चाकाची धाव हे असेच दुसरे उदाहरण. उळवीच्या जत्रेस धारवाड-बेळगावकडून बैलगाड्या येतात, त्या चाकांकडे पाहावे. लोखंडी धाव चाकापेक्षा किंचित लहान करतात, तापवून फुगवितात, चाकावर चढवितात आणि लगेच पाणी ओततात. आकसलेली धाव सुताराचे सारे सांधे आवळून धरते.

या श्रमाचा मोबदला सुगीच्या वेळी धान्यरूपाने मिळे. त्रिंबक नारायण आत्रे यांनी १९१५ साली ‘गांव-गाडा’ या ग्रंथात बलुत्याच्या या व्यवस्थेचे गुणदोष सविस्तर मांडले आहेत. तिच्यात लोहाराला पोटाची शाश्वती होती; पण दर ठरविणारा तो नव्हता, आणि पंक्तीत व मानपानात त्याची जागा दुसरेच ठरवीत. ही बाजू झाकून त्या काळाचे नुसते गुणगान करणे मला उचित वाटत नाही.

ती व्यवस्था एका दिवसात मोडली नाही. १८७८ च्या जंगल कायद्यानंतर कुमरी व कोळसा यांवरील बंधने घट्ट झाली. १८८८ साली कॅसलरॉकचा घाट उतरून रेल्वे मुरगाव बंदरास जोडली गेली आणि बाहेरचा माल डोंगरात शिरला. पुढे काळी नदीवर १०१ मीटर उंचीचे सुपा धरण झाले. १९८७ साली ते पुरे झाले. जुने सुपे गाव पाण्याखाली गेले, तालुक्याचे ठाणे जोयड्यास आले, अनेक कुटुंबे रामनगरास वसली. विस्थापितास घर बांधून देता येते. परंतु लोहाराची ऐरण नव्या जागी रोवली तरी तिच्याभोवतीची गिऱ्हाइकी तिच्याबरोबर येत नाही. आज बाजारात कारखान्याचा कोयता मिळतो. तरी मालमोटारीच्या जुन्या पाट्यातून घडविलेला कोयता हाती घेतलेला शेतकरी त्या दोहोंतील भेद जाणतो.

महाजन बंधूंनो, आपल्या वह्यांत घराण्यांची नावे, जमिनी व मानपान यांची नोंद असते. ज्यांनी देवळाची कडी घडविली, त्यांचे नाव मात्र क्वचितच आढळते. माझी आपणांस नम्र सूचना अशी की, देवस्थानाच्या सेवेत राहिलेल्या लोहार घराण्यांची नोंद वृद्ध मंडळी हयात आहेत तोवर करून घ्यावी. हत्यारांची स्थानिक नावे लिहून ठेवावीत. देवळाचे लोखंडकाम शक्यतो गावच्या कारागिराकडे द्यावे व त्याचा रोख, रास्त मोबदला द्यावा. केंद्र सरकारने १७ सप्टेंबर २०२३ रोजी सुरू केलेल्या पंतप्रधान विश्वकर्मा योजनेत लोहारकामाचा समावेश आहे. तीत प्रशिक्षण, हत्यारांसाठी १५,००० रुपयांपर्यंत साहाय्य आणि अल्प व्याजाचे कर्ज अशी तरतूद आहे. अर्ज भरण्याचे काम आपल्यातील सुशिक्षित तरुणांनी अंगावर घेतले, तर तीही देवसेवाच ठरेल.

खंडेनवमीस आपण शस्त्रांना व अवजारांना गंधफूल वाहतो. त्या पूजेत अवजार घडविणाऱ्या हातांनाही स्थान मिळावे, एवढीच देवाचरणी प्रार्थना करून मी आपली रजा घेतो.