आधी शिपायाचं ऐका

युद्धपट म्हटला की आपल्याला तोफा आठवतात आणि तोफांच्या आवाजात शिपाई काय म्हणतोय ते ऐकूच येत नाही. जॉन ह्यूस्टन यांच्या ‘लेट देअर बी लाइट’ या १९४६ सालच्या माहितीपटात तो ऐकू येतो. तासाभराचाही नसलेला हा चित्रपट न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवर, मेसन जनरल या लष्करी इस्पितळात घडतो. दुसऱ्या महायुद्धातून परतलेले साधे अमेरिकन शिपाई डॉक्टरांसमोर बसतात. एकाला पायाला जखम नसूनही चालता येत नाही, एकाला स्वतःचं नाव आठवत नाही. एक कृष्णवर्णीय जवान प्रेयसीच्या फोटोबद्दल सांगता सांगता रडू लागतो आणि कॅमेरा तिथून हलत नाही. युद्धपटात पाहायचं असतं ते हेच, आणि बहुतेक युद्धपटांत नेमकं हेच नसतं.

लष्करानंच काढवून घेतलेला हा चित्रपट लष्करानंच अडवला. कारण दिलं रुग्णांच्या खासगीपणाचं. आक्षेप पोकळ नाही; रडणाऱ्या माणसाची अब्रू जपायलाच हवी. पण पुढं काय केलं पाहा. भिंतीला ओल आली की काही घरमालक वर चुना फासतात ना, तसा १९४८ साली नट घेऊन ‘शेड्स ऑफ ग्रे’ काढला. त्यात कृष्णवर्णीय शिपाई गायब, आणि दुखण्याचं मूळ युद्धापेक्षा माणसाच्या लहानपणात शोधलेलं. म्हणजे ओल पावसाची नाही, वीटच कच्ची! खासगीपणा जपण्यासाठी नट घेतले हे एक वेळ समजू. पण दुखण्याचं कारण बदलायची काय गरज होती? मूळ चित्रपट लोकांसमोर यायला १९८० साल उजाडलं.

कुणी म्हणेल, ह्यूस्टनही चुना लावतातच. औषध टोचलं की पांगळा चालतो, अडखळणारा घडाघडा बोलतो, शेवटी सगळे हसत घरी. खरं आहे, हा भाग मलाही पटत नाही. पण तिथं ओलीचा डाग आधी नीट दाखवलाय. नंतरचा चुना आपल्याला ओळखता येतो. म्हणून पुन्हा सांगते, उपचारांचे चमत्कार पाहू नका, शिपाई बोलत असतात तेव्हा त्यांचे हात बघा, मध्येच थांबतात ते ऐका.